जीवकाच्या आमराईत

राजगृहाला जायचे, असे आमच्या विहारात गेली तीन वर्षे घाटत होते. कधी वर्गणी जमेना, कधी रजा मिळेना, तर कधी मुलांच्या परीक्षा आडव्या येत. अखेर यंदा माघ पौर्णिमेनंतर सारे जुळून आले. बत्तीस उपासक-उपासिका, पाच मुले आणि वाट दाखवायला एक भंतेजी असा आमचा जथा मुंबईहून कोलकाता मेलने निघाला. हिशेबाची वही आमच्याकडे होती. कारकुनाच्या हाती दुसरे काय देणार! दोन रात्री गाडीत काढून आम्ही भल्या पहाटे गयेला उतरलो, बोधगयेला महाबोधी महाविहारात वंदना केली आणि दुसऱ्या दिवशी बसने राजगृहाचा रस्ता धरला.

बोधगयेविषयी या पानांवर पुष्कळ लिहून आले आहे. ते पुन्हा लिहीत नाही. आम्हाला सांगायचे आहे ते राजगृहातल्या एका लहानशा जागेविषयी. तिथे बस थांबत नाही, भाविक थांबत नाहीत, फोटो काढणारेही फार वेळ थांबत नाहीत. आम्ही मात्र तिथे अडीच तास बसलो, आणि उठलो तेव्हा आमच्यातल्या काहींना एकमेकांकडे बघण्याची थोडी लाज वाटत होती.

सामानाचा गट

आधी एक गोष्ट कबूल करायला हवी. आमच्या जथ्यात एक काका होते. नाव लिहू नका, असे त्यांनीच सांगितले, म्हणून लिहीत नाही. काकांनी एका सरकारी इस्पितळाच्या शवागारात एकतीस वर्षे नोकरी केली. कागदोपत्री त्यांचे पद सफाई कामगाराचे. प्रत्यक्षात पोस्टमॉर्टेमच्या टेबलावर छिन्नी-हातोडा आणि सुरी चालवणारे हात त्यांचे. डॉक्टर नाकाला रुमाल लावून दाराशी उभे राहायचे, काका उघडून दाखवायचे, डॉक्टर लिहून घ्यायचे. मग काका पुन्हा सारे शिवून, धुऊन, पांढऱ्या कपड्यात बांधून नातेवाइकांच्या ताब्यात द्यायचे.

वस्तीत काकांना कोणी वाईट म्हणत नाही. जयंतीच्या मिरवणुकीत ते पुढे असतात, वर्गणी पहिली त्यांचीच येते. पण त्यांच्या थोरल्या मुलीची दोन स्थळे 'मुडदे फाडणाऱ्याची मुलगी' म्हणून मोडली, आणि मोडणारे आपलेच धम्मबांधव होते. सहलीचे काम वाटण्यासाठी विहारात बैठक झाली, तेव्हा काकांनी आपण होऊन स्वयंपाकाच्या गटात नाव सांगितले. कोणी उघड काही बोलले नाही. मागे दोन-चार जणींत कुजबुज झाली. आम्ही वहीत त्यांचे नाव सामानाच्या गटात टाकले. आमच्याच हाताने टाकले. "काका, तुमच्यासारखा धडधाकट माणूस सामानाला पाहिजे," असे वर म्हणालो. काका हसले. त्यांना कळले, आणि त्यांना कळले हे आम्हालाही कळले.

पाच डोंगरांचे गाव

राजगीर हे नालंदा जिल्ह्यातले गाव. वैभार, विपुल, रत्नगिरी, उदयगिरी आणि सोनगिरी या पाच डोंगरांनी ते वेढलेले आहे. मगधाची ही जुनी राजधानी. डोंगरांच्या माथ्यावरून मोठमोठे दगड चुन्याशिवाय रचून केलेली तटबंदी अजून दिसते. गावात टांगे आहेत, आणि टांगेवाले घोड्याइतकेच भरभर बोलतात.

सकाळी आम्ही वेळुवनात गेलो. राजा बिंबिसाराने तथागतांना दान दिलेले हे बांबूचे वन. तिथून जवळच वैभार डोंगराच्या पायथ्याला गरम पाण्याची कुंडे आहेत. वर चढून गेले की सप्तपर्णी गुहा लागते. तथागतांच्या महापरिनिर्वाणानंतर पहिली धम्मसंगीती या गुहेपाशी झाली, असे परंपरा सांगते. तिथे आनंदाने सुत्त सांगितले आणि विनय सांगितला उपालीने. हा उपाली शाक्यांचा न्हावी होता. ही गोष्ट वाचकांनी ध्यानात ठेवावी. पुढे तिचे काम पडणार आहे.

दुपारी टांगे गृध्रकूटाच्या रस्त्याला लागले. जुन्या नगरातून पूर्वेकडे जाताना, गृध्रकूटाची चढण येण्याआधी, रस्त्याच्या कडेला पुरातत्त्व खात्याची पाटी दिसते: जीवकाम्रवन. टांगेवाला म्हणाला, "यहाँ कुछ नहीं है, आगे चलिए, रोपवे बंद हो जाएगा." भंतेजी मात्र खाली उतरले. मग आम्हीही उतरलो.

टांगेवाल्याचे अगदीच चूक नव्हते. तिथे मूर्ती नाही, स्तूप नाही, कळस नाही. गवतातून वर आलेल्या ओबडधोबड दगडांच्या पायाच्या रेषा तेवढ्या आहेत. १९५० च्या दशकात येथे उत्खनन झाले तेव्हा लांबट अंड्याच्या आकाराची मोठी दालने सापडली. पुढच्या काळात विहार चौकोनी बांधू लागले. हा आकार त्याआधीचा, म्हणून ही देशातल्या फार जुन्या विहारांच्या खुणांपैकी एक समजतात. सातव्या शतकात चिनी प्रवासी ह्युएनत्संग राजगृहाला आला, तेव्हाही जीवकाच्या जागी पडक्या भिंती आणि जुन्या झाडांची मुळे तेवढी उरली होती, असे त्याने लिहून ठेवले आहे.

उकिरड्यावरचे मूल

आम्ही दगडांच्या कडेने बसलो. त्रिसरण-पंचशील झाले. मग भंतेजींनी विनयपिटकाच्या महावग्गातली जीवकाची कथा सांगितली.

राजगृहात सालवती नावाची गणिका होती. तिला मुलगा झाला. तिने दासीकरवी तो सुपात घालून उकिरड्यावर टाकला. राजपुत्र अभय त्या वाटेने जात होता. कावळे कशाभोवती जमलेत, असे त्याने विचारले. मूल आहे, असे कळल्यावर त्याने पुढचा प्रश्न केला, जिवंत आहे का? जिवंत आहे, असे उत्तर आले, म्हणून मुलाचे नाव जीवक पडले. राजकुमाराने वाढवले म्हणून कोमारभच्च.

मोठा झाल्यावर जीवक कोणाला न सांगता तक्षशिलेला गेला आणि सात वर्षे वैद्यक शिकला. शेवटी आचार्यांनी परीक्षा घेतली. हातात कुदळ दिली आणि सांगितले की, तक्षशिलेभोवती एक योजन हिंड आणि औषधी नाही अशी वनस्पती घेऊन ये. जीवक सगळीकडे हिंडला आणि रिकाम्या हाताने परत आला. औषधी नाही असे काहीच त्याला सापडले नाही. आचार्य म्हणाले, तुझे शिक्षण पुरे झाले.

ही गोष्ट मुलांना फार आवडली. आमच्यातल्या एका बाईंनी मात्र डोळ्याला पदर लावला. गेल्या साली त्यांच्या इमारतीमागच्या कचराकुंडीत मूल सापडले होते. ते जगले नव्हते.

कवटीची शिवण

पुढे भंतेजींनी राजगृहातल्या श्रेष्ठीची हकीकत सांगितली. त्याला सात वर्षे डोकेदुखीचा आजार होता. मोठमोठ्या वैद्यांनी हात टेकले. कोणी म्हणाले पाचव्या दिवशी मरेल, कोणी म्हणाले सातव्या. राजाच्या सांगण्यावरून जीवक आला. त्याने विचारले, एका कुशीवर सात महिने, दुसऱ्या कुशीवर सात महिने आणि पाठीवर सात महिने निजून राहाल का? श्रेष्ठी हो म्हणाला. मग जीवकाने त्याला खाटेला बांधले, डोक्याची कातडी चिरली, कवटीची शिवण उघडली आणि आतून दोन किडे काढून लोकांना दाखवले. शिवण पुन्हा बसवली, कातडी शिवली आणि लेप लावला. श्रेष्ठीला सात महिने निघेनात. सात-सात दिवसांत तो कासावीस झाला. पण एकविसाव्या दिवशी तो बरा होऊन बसला. जीवक त्याला म्हणाला, सात महिने सांगितले नसते तर तुम्ही इतकेही निजला नसता.

इथे काका पहिल्यांदा बोलले. त्यांनी भंतेजींना विचारले, "पोथीत 'शिवण' असाच शब्द आहे का, भंते?"

भंतेजी म्हणाले, "हो. पाली शब्द 'सिब्बिनी'. शिवण."

"मग हा माणूस हाताने काम केलेला होता," काका म्हणाले. "ज्याने कवटी उघडून पाहिली नाही त्याला तिला शिवण असते हे कुठून कळणार? वाकडीतिकडी असते, ओढ्यासारखी. कोवळ्या वयात उलगडते. म्हाताऱ्याची मात्र घट्ट बसलेली असते, तिथे शिवण सापडत नाही, करवत लागते."

आमच्यासोबत वस्तीतली एक मुलगी होती. एम.बी.बी.एस.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. तिने मान हलवली. "काका बरोबर सांगताहेत," ती म्हणाली. "पुस्तकात आम्हाला हेच आहे. वय वाढते तशा शिवणी भरून येतात."

सगळे काकांकडे बघू लागले. एकतीस वर्षांत त्यांच्या कामाविषयी त्यांना कोणी प्रश्न विचारला नव्हता. आता मुले विचारू लागली. कवटी केवढी जाड असते, मेंदूचा रंग कसा असतो, भीती वाटत नाही का? काकांनी सावकाश, समजेल असे सांगितले. मुले हलायला तयार होईनात.

भंतेजींनी आणखी एक शस्त्रक्रिया सांगितली. वाराणसीच्या श्रेष्ठीचा मुलगा कोलांट्या उड्या मारायचा. त्याच्या आतड्याला गाठ बसली. पेज पचेना, अंग पिवळे पडले. जीवकाने लोकांना बाहेर काढले, पडदा लावला, रोग्याला खांबाला बांधले आणि त्याच्या बायकोला समोर उभे केले. पोट चिरून गाठ बाहेर काढली, तिला दाखवली, सोडवली, आतडी आत घालून पोट शिवले. मुलगा बरा झाला.

या कथांत दंतकथेचा अंश आहे, हे आम्हाला कळते. बुद्धिप्रामाण्य मानणाऱ्यांनी किड्यांच्या गोष्टीवर डोळे झाकून विश्वास ठेवू नये. पण कवटी उघडण्याचे धाडस माणसाने फार पूर्वी केले, याला पुरावा आहे. काश्मीरमधल्या बुर्झहोम येथे सुमारे चार हजार वर्षांपूर्वीची भोके पाडलेली कवटी सापडली आहे. आणि कथेतले बारकावे पाहावेत. रोग्याला बांधणे, गर्दी हटवणे, जवळच्या माणसाला रोग दाखवणे, उघडलेले पुन्हा शिवणे. गुंगीचे औषध त्या काळी नव्हते. १८४६ साली अमेरिकेत बोस्टन येथे मॉर्टन यांनी ईथरचा जाहीर प्रयोग केला, तोपर्यंत बहुतेक ठिकाणी रोग्याला बांधूनच कापावे लागे. लिस्टर यांनी कार्बोलिक ॲसिडने जखम जंतूंपासून वाचवण्याची पद्धत १८६७ साली प्रसिद्ध केली. त्याआधी शस्त्रक्रिया झालेला रोगी पुढे पू होऊन दगावणे ही नेहमीची गोष्ट होती. म्हणूनच तथागतांनी जपून चालण्याचा नियम घातला. याच राजगृहात आकासगोत्त नावाच्या वैद्याने एका भिक्खूच्या भगंदरावर शस्त्र चालवले. ते पाहून तथागतांनी नाजूक जागी आणि तिच्याभोवती दोन बोटांच्या आत शस्त्र लावू नये, असे सांगितले. तिथली कातडी कोवळी असते, जखम भरत नाही, शस्त्र नीट चालवता येत नाही, ही त्याची कारणे. यात विटाळाचा प्रश्न कुठेच नाही. रोग्याचे हित एवढाच विचार.

विटाळ आला आणि सुरी गेली

मग ही विद्या पुढे वाढली का नाही? मुलीनेच हा प्रश्न काढला.

सुश्रुतसंहितेत शस्त्रांची आणि यंत्रांची लांब यादी आहे. शिष्याने आधी भोपळ्यावर, पाण्याने भरलेल्या कातडी पिशवीवर, मेलेल्या जनावराच्या शिरांवर हात बसवावा, असे सांगितले आहे. प्रेत गवतात गुंडाळून सात रात्री वाहत्या पाण्यात ठेवावे आणि मग एकेक थर खरवडून आत काय आहे ते डोळ्यांनी पाहावे, असेही आहे. म्हणजे मढ्याला हात लावल्याशिवाय शल्यवैद्य होता येत नाही, हे त्या ग्रंथाला पक्के ठाऊक होते.

पण दुसऱ्या बाजूला मनुस्मृती उभी होती. तिने वैद्याला श्राद्धाच्या पंगतीतून उठवले, त्याचे अन्न पुवासारखे ठरवले आणि प्रेताचा स्पर्श विटाळ मानला. रसायनशास्त्रज्ञ प्रफुल्लचंद्र राय यांनी १९०२ साली हिंदू रसायनशास्त्राच्या इतिहासात स्पष्ट लिहिले की, प्रेताच्या स्पर्शाचा विटाळ मानल्यामुळे शरीरशास्त्र आणि शस्त्रक्रिया मागे पडल्या, हाताचे काम खालच्या मानलेल्या जातींकडे गेले आणि बुद्धीचे काम करणारा हातापासून तुटला. देवीप्रसाद चट्टोपाध्याय यांनी १९७७ साली याच विषयावर मोठा ग्रंथ लिहिला. जातिव्यवस्था ही श्रमाची नव्हे तर श्रमिकांची विभागणी आहे, हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच सांगून ठेवले होते. महाडला २५ डिसेंबर १९२७ रोजी मनुस्मृती जाळली, तेव्हा पाण्याच्या प्रश्नाबरोबर हाही प्रश्न त्या आगीत होता, असे आम्हाला जीवकाच्या आमराईत बसून वाटले.

हाताचे काम खाली गेले, पण मेले नाही. याचा पुरावा आपल्या पुण्याचा आहे. इंग्रज आणि टिपू यांच्या लढाईत इंग्रजांच्या बैलांवर असलेला कावसजी नावाचा एक मराठा शेतकरी टिपूच्या हाती सापडला. त्याचे नाक आणि एक हात कापला गेला. पुढे पुण्याजवळ त्याला नवे नाक बसवण्यात आले. मेणाचा साचा नाकावर ठेवायचा, तो सपाट करून कपाळावर आखायचा, तेवढी कातडी कापून खाली वळवायची आणि नाकाच्या जागी बसवायची, अशी ती रीत. मुंबईच्या दोन इंग्रज डॉक्टरांनी हे पाहिले. १७९४ सालच्या ऑक्टोबरात लंडनच्या 'जंटलमन्स मॅगझिन'मध्ये ही हकीकत चित्रासह छापून आली. ती वाचून कार्प्यू या लंडनच्या सर्जनने १८१४ साली तशी शस्त्रक्रिया केली, आणि युरोपात नाक बसवण्याची ही विद्या नव्याने सुरू झाली. आज प्लॅस्टिक सर्जरीच्या इतिहासात कावसजीचे नाव येते, डॉक्टरांची नावे येतात, कार्प्यूचे येते. ज्याने नाक बसवले त्याचे नाव मात्र कोणी लिहिले नाही. तो विटा करणाऱ्या जातीचा होता, एवढेच लिहिले आहे.

हे ऐकून काका म्हणाले, "आमचेही तसेच. रिपोर्टवर सही डॉक्टरची."

तिकडचे न्हावी

आमच्यातल्या एका भावाने विचारले, मग युरोपात तरी काय, राजवाड्यातले लोक सुरी धरायचे का?

नाही. तिथेही लॅटिन शिकलेला फिजिशियन वर आणि सुरी धरणारा खाली असेच होते. दाढी करणारा न्हावीच फोडे कापायचा, रक्त काढायचा, दात उपटायचा. लंडनमध्ये १५४० साली न्हावी आणि सर्जन यांची एकच कंपनी कायद्याने झाली. फ्रान्सचा आंब्रुआझ पारे हा असाच न्हाव्याच्या हाताखाली शिकलेला. लॅटिन येत नव्हते. लढाईत गोळीच्या जखमा उकळत्या तेलाने जाळायची रीत होती. एके दिवशी तेल संपले, म्हणून त्याने अंड्याचा बलक, गुलाबतेल आणि टर्पेंटाइन यांचा लेप लावला. रात्रभर त्याला झोप आली नाही. सकाळी पाहतो तर लेप लावलेले शिपाई शांत झोपलेले आणि तेलाने जाळलेले तापाने तळमळत आहेत. १५४५ साली त्याने हे आपल्या फ्रेंच भाषेत पुस्तक लिहून छापले, आणि पुढे तो राजांचा सर्जन झाला. लंडनचे सर्जन १७४५ साली न्हाव्यांपासून वेगळे झाले आणि १८०० साली त्यांचे रॉयल कॉलेज झाले. आजही तिकडे सर्जनला 'डॉक्टर' न म्हणता 'मिस्टर' म्हणण्याची चाल आहे. जुन्या दिवसांची ती खूण ते अभिमानाने बाळगतात.

फरक इथे आहे. तिथे खालच्या पायरीवरून वर जायला जिना होता. चढायला कठीण, पण होता. आपल्याकडे पायरी होती, जिना नव्हता. विटा करणाऱ्याला पुस्तक लिहिता येत नव्हते, आणि पुस्तक वाचणारा मढ्याला शिवत नव्हता. १८३६ साली कलकत्त्याच्या मेडिकल कॉलेजात पंडित मधुसूदन गुप्त यांनी प्रेतावर सुरी चालवली, तेव्हा तो विटाळ शिक्षणाच्या खोलीतून मोडला गेला. शवागाराच्या खोलीतून तो अजून मोडलेला नाही. देशात ठिकठिकाणी शवागारातले कापण्याचे काम आजही सफाई कामगार म्हणून भरलेले आपले लोक करतात.

जथ्यातल्या एका आजी म्हणाल्या, "माझी सासू सुईण होती. पाटलाच्या घरातली नाळ तिने कापली. बाळंतपण झाले की तिला मागच्या दाराने बाहेर. पोर हातात आलेले चालायचे, पुन्हा ओसरीवर आलेली चालायची नाही."

न्हाव्याने सांगितलेला विनय

आता उपालीची गोष्ट. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात जीवकाला यश, बिंबिसार, अनाथपिंडिक यांच्या पंगतीत बसवले आहे. उकिरड्यावर टाकलेल्या पोराला राजा आणि श्रेष्ठी यांच्या शेजारी जागा. त्याच ग्रंथात पुढे न्हावी उपाली आणि भंगी सुनीत यांची दीक्षा येते. आणि जीवकाने कवटी उघडल्याची, आतडे सोडवल्याची कथा ज्या विनयात आहे, तो विनय पहिल्या संगीतीत सांगितला त्या उपाली न्हाव्याने! तिकडे युरोपात न्हाव्याच्या हातून शस्त्रक्रिया वाढली. इकडे न्हाव्याच्या तोंडून शस्त्रक्रियेची आठवण राहिली.

त्याच विनयात आजारी भिक्खूची गोष्ट आहे. त्याला जुलाब झाले होते आणि तो आपल्याच घाणीत पडला होता. कोणी जवळ जाईना, कारण तो कोणाच्या उपयोगी पडत नव्हता. तथागतांनी पाणी मागवले, त्यांनी पाणी घातले आणि आनंदाने अंग धुतले. दोघांनी उचलून त्याला मंचकावर ठेवले. मग संघाला बोलावून सांगितले की, ज्याला माझी सेवा करायची आहे त्याने रोग्याची करावी. चांगल्या शुश्रूषकाचे पाच गुण त्यांनी सांगितले. त्यातला एक असा की, मलमूत्र, थुंकी, वांती काढताना त्याला किळस वाटत नाही.

भंतेजींनी एवढे सांगून बोलणे थांबवले. ते कोणाकडे बघत नव्हते. आम्ही मात्र हातातल्या वहीकडे बघत होतो. त्या वहीत सामानाचा गट होता.

एका बाईंनी काकांना विचारले, "काका, शिवायचे कशाला? मेलेल्या माणसाला काय?"

काका म्हणाले, "मेलेल्याला काही नाही. पण बाहेर त्याची आई उभी असते. तिला चेहरा बघायचा असतो. म्हणून कवटीवरची कातडी केसांच्या आतून चिरायची, म्हणजे टाका केसांत जातो. हे मला कोणी शिकवले नाही. पहिल्या वर्षी एक आई बघून ओरडली, तेव्हापासून मी तसे करू लागलो."

अडीच तास झाले होते. टांगेवाल्याने तीनदा हाका मारल्या. उठताना त्या डॉक्टर होऊ घातलेल्या मुलीने वाकून काकांच्या पायाला हात लावला. काका गडबडले. आम्ही पाया पडण्याच्या विरुद्ध आहोत, विहारात तसे ठरावही केले आहेत. त्या वेळी कोणी हरकत घेतली नाही.

संध्याकाळचा चहा

पुढे गृध्रकूट चढलो. इथेच देवदत्ताने लोटलेल्या शिळेचा तुकडा लागून तथागतांच्या पायाला जखम झाली, आणि जीवकाने त्यांच्यावर उपचार केला. सायंकाळी रत्नगिरीवरच्या विश्वशांती स्तूपाला प्रदक्षिणा घातली. जपानच्या फुजी गुरुजींच्या प्रेरणेने झालेला हा पांढरा स्तूप १९६९ साली खुला झाला. खाली सारे मगध धुक्यात दिसत होते.

धर्मशाळेवर परत आलो. आम्ही वही उघडली, सामानाच्या गटातले काकांचे नाव खोडले आणि स्वयंपाकाच्या गटात लिहिले. मोठ्याने वाचूनही दाखवले, कारण गुपचूप केलेली चूक गुपचूप दुरुस्त केली तर तो हिशेब पुरा होत नाही. काकांनी स्टोव्ह पेटवला आणि आले ठेचून सदतीस जणांचा चहा केला. बहुतेकांनी घेतला. दोघींनी "आमचा उपवास" म्हणून घेतला नाही. त्या दिवशी कसला उपवास होता, ते आम्ही विचारले नाही. नावे लिहीत नाही. त्यांनी हे वाचावे, एवढेच.

परतीच्या वाटेवर पाटण्याला कुम्रहार पाहिले. तिथे उत्खननात भिक्खुसंघाच्या आरोग्यविहाराची मातीची मुद्रा मिळाली आहे. ज्या संघाने दवाखाना काढला त्या संघाचे आपण लोक. आपल्या विहारातून नर्स, वॉर्डबॉय, दाई, शवागारातला माणूस यांना कोणती जागा आहे, हा प्रश्न घेऊनच आम्ही गाडीत बसलो.

जाणाऱ्यांसाठी थोडे. राजगीरला बख्तियारपूरहून रेल्वे आहे. गया किंवा बोधगयेहून बसही मिळते. नालंदा तिथून टांग्याच्या नव्हे पण रिक्षाच्या अंतरावर आहे. जीवकाम्रवनाला टांगेवाला "कुछ नहीं है" म्हणेल. तरी उतरावे. मुलांना बरोबर घेऊन बसावे आणि उकिरड्यावरच्या पोराची गोष्ट तिथेच सांगावी.

गावी आल्यावर विहारात विषय निघाला की, बुद्धजयंतीला काकांचा सत्कार करावा. शाल आणि पुष्पगुच्छ द्यावा. काका उठून म्हणाले, "शाल नको. माझ्या जागेवर आता कंत्राटावर एक पोरगा आहे. बावीस वर्षांचा. त्याला हातमोजे पुरे मिळत नाहीत, बूट नाहीत, धनुर्वाताची आणि काविळीची लस कोणी दिलेली नाही. हुद्दा सफाई कामगाराचा, काम कापण्याचे. त्याच्यासाठी काय करता ते सांगा."

आम्ही अर्ज तयार केला. हातमोजे, बूट, लस, कामाप्रमाणे हुद्दा आणि शवविच्छेदनाच्या नोंदवहीत मदतनिसाचे नाव, अशा पाच मागण्या. अर्ज संबंधित कार्यालयात दिला, पोच घेतली. उत्तर अजून आलेले नाही. पंधरा दिवसांनी स्मरणपत्र देणार आहोत, आणि त्यानंतर पुन्हा.

अर्जाखाली सत्तेचाळीस सह्या आहेत. नाव लिहू नका, असे आम्हाला सांगणाऱ्या काकांनी पहिल्या ओळीवर आपले पूर्ण नाव स्वतःच्या हाताने लिहिले, आणि त्यापुढे हुद्दाही लिहिला. सफाई कामगार असा नव्हे. शवविच्छेदन सहायक, निवृत्त.

जय भीम.